सहाव्या रिळातलं मूल

ईदच्या दुसऱ्या दिवशी दुपारी हुल्की बे दारात उभा राहिला, तेव्हाच निग्यारने ओळखलं की हा माणूस नुसता ईद करायला आलेला नाही. ईदला येणारा बायको-पोरांना पुढे घालून येतो, हातात काहीतरी गोड घेऊन येतो. हुल्की बे एकटाच होता आणि त्याच्या हातात फक्त टोपी होती.

तरी रीत ती रीत. आत येऊन त्याने वाकून बाबांचा हात ओठांना आणि मग कपाळाला लावला. मुनिरे आत्याचाही लावला. निग्यारने त्याच्या तळव्यांवर कोलोन शिंपडलं, गोळ्यांची बशी पुढे केली आणि भाजलेल्या हरभऱ्याची कॉफी आणून ठेवली. युद्धाचं पाचवं वर्ष लागलं होतं. खऱ्या कॉफीची चव कशी असते हेही लोक विसरत चालले होते.

नेजात सकाळपासून येऊन बसला होता. निग्यारचा हा धाकटा भाऊ सरकारी कचेरीत कारकून होता आणि घरातसुद्धा साहेब शेजारच्या खोलीत असल्यासारखा दबून बोलायचा.

"काय हुल्की बे, थिएटरात गर्दी कशी आहे?" त्याने विचारलं.

"गर्दी आहे. ईदला नसणार तर कधी?" हुल्की बेने कॉफीचा घोट घेतला, तोंड वाकडं केलं आणि बाबांकडे वळला. "उस्ताद, वाईट बोलायला चांगला दिवस निवडलाय, माफ करा. सहाव्या रिळात लोक हसले."

बाबांनी मान वर केली. राइफ देनिझाशान. अडुसष्ट वर्षांचा माणूस, वीस वर्षांपूर्वी ग्रीस आणि तुर्कस्तानने माणसांची अदलाबदल केली तेव्हा इतर मुसलमानांबरोबर ग्रीकांच्या क्रेट बेटावरून जहाजात बसून आलेला. आधी इस्तंबूलच्या बेयोलू भागातल्या थिएटरांत मुक्या सिनेमांपुढे व्हायोलिन वाजवलं, सिनेमा बोलू लागला तसा रस्त्यावर आला, आणि मग हुल्की बेच्या स्टुडिओत इजिप्तच्या सिनेमांना तुर्की गाणी करून द्यायला लागला. अकरा सिनेमे झाले. पोस्टरवर नाव मात्र बाराव्यावर आलं, परवा, पहिल्यांदाच.

"रडण्याच्या जागी हसले?" बाबांनी विचारलं.

"रडण्याच्या जागी रडलेच. असे रडले की थिएटरच्या दारवानानेसुद्धा नाक शिंकरलं. हसले ते पुढे. आई पाळण्यावर वाकून गाते, 'मातीची दुलई घे, बाळा, आता थंडी वाजायची नाही'. सगळं थिएटर हुंदके देतंय. आणि दुसऱ्या मिनिटाला तेच पोर हातात चाक घेऊन अंगणभर पळतंय! एकाने शिट्टी मारली, दुसरा ओरडला, 'अरे, पुरलं होतं ना याला?' मग काय, सगळा पिटच्या पिट!" हुल्की बेने टोपी गुडघ्यावर आपटली. "उस्ताद, ते मूल मेलेलं नाही हो! झोपलंय ते. बाई अंगाई म्हणतेय!"

निग्यारच्या कानशिलांत ऊन ऊन झालं. ते गाणं तिनेच गायलं होतं.

बाराही सिनेमांची गाणी एकाच रीतीने व्हायची. सरकारने अरबी गाणी बंद केल्यापासून प्रत्येक गाण्याच्या जागी नवं तुर्की गाणं लागे. सबंध सिनेमा दाखवायला हुल्की बेला सवड नसे; गाण्याचा तेवढा तुकडा, तोही मुका, चार-पाचदा भिंतीवर फिरवायचा. बाबा डोळे ताणून नटीचं तोंड बघत आणि कागदावर खुणा करत. घरी आले की जेवणाच्या मेजावर घेवडा मांडत. तोंड उघडलं तिथे पांढरा दाणा, ओठ मिटले तिथे काळा. त्या दाण्यांच्या ओळीवर ते चाल बसवत, शब्द बसवत, आणि मग कैरोच्या नटीच्या तोंडून निग्यारचा आवाज निघे. मुनिरे आत्या दर वेळी म्हणे, "लोक घेवडा खातात, आमच्याकडे गातात."

"तुम्हीच सांगितलं होतंत," निग्यार म्हणाली. आपला आवाज चिडका येतोय हे तिला कळत होतं. "तुमची चिठ्ठी अजून असेल घरात. 'आई पाळण्यापाशी गाते.' एवढंच लिहिलं होतंत तुम्ही."

"मग बाई, पाळण्यापाशी आई काय गाते?" हुल्की बेने दोन्ही हात पसरले. "शंभर माणसांना विचारा. शंभरच्या शंभर सांगतील, अंगाई. ही काय सांगायची गोष्ट आहे? एक हे घर सोडून कुठल्याही घरात..." बोलता बोलता तो थांबला. त्याला वाटलं आपण जास्त बोललो, आणि ते खरंच होतं.

त्यावर उपाय म्हणून त्याने विनोद केला. "आमच्याकडे म्हणतात, शेतात गाय आणि क्रेटवाला शिरला तर आधी क्रेटवाल्याला हाकला. गाय पोट भरलं की थांबते."

"आणि इस्तंबूलवाला शिरला तर शेतच विकतो," मुनिरे आत्या म्हणाली.

हुल्की बे हसला आणि मग कामाचं बोलला. थिएटरवाले थांबायला तयार नव्हते. सोमवारी ते रीळ काढून नव्या गाण्याचं घालायचं. चाल तीच ठेवली तरी चालेल, फक्त शब्द अंगाईचे हवेत, आणि आवाजात रडं नको. राइफ बेंनी करून दिलं तर उत्तम. नाहीतर त्याच्याकडे एका गायिकेची तयार रेकॉर्ड होती, ओठ जुळोत न जुळोत, ती तो चिकटवणार होता. मग पोस्टरवरचं नावही बदलावं लागेल.

"आणि आताचं?" बाबांनी विचारलं.

"आताचं कापणार. कापलेली फिल्म कंगवेवाला घेऊन जातो, उस्ताद. फिल्मचे कंगवे छान होतात."

मला अजून पाच घरी हात चुंबायचे आहेत, सहाला उत्तर घ्यायला येतो, असं सांगून तो गेला. जिन्यावर त्याची पावलं वाजायची थांबली तसा नेजात उठला आणि खिडकी लावून आला.

"बाबा, करून टाका," तो म्हणाला. "सरळ आहे. चालही बदला. एवीतेवी तुमच्या नावाचं ते पोस्टर पाहिल्यापासून मला झोप नाही."

"का रे? बापाचं नाव वाईट दिसतं?" आत्याने विचारलं.

"नाव चांगलं आहे, आत्या. चाल क्रेटची आहे. परवा आमच्या कचेरीतला एक जण सिनेमा बघून आला आणि म्हणाला, 'ही तर त्या बेटावरच्या ग्रीकांची चाल, आमच्या गल्लीतली क्रेटवाली म्हातारी हीच गुणगुणते.' मी म्हटलं, असेल बुवा. बोटीवर पाट्या लावल्यात, 'नागरिका, तुर्की बोल' म्हणून, आणि इकडे तू दारात उभी राहून भाजीवाल्याशी ग्रीक बोलतेस. मला तिथे अजून पाठीमागे अर्धा काफर म्हणतात, माहीत आहे?"

"पुढून म्हणत नाहीत ना? मग झालं."

"आत्या!"

"मी नमाज पढते, रोजे धरते, आणि ग्रीकमध्ये शिंकते. अल्लाला चालतं. तुझ्या साहेबाला चालत नाही."

निग्यारला हे सगळं पाठ होतं. दर ईदला हेच भांडण, फक्त विषय वेगळा. नवरा वारल्यावर ती या घरात परत आली त्याला नऊ वर्षं झाली; या नऊ वर्षांत तिने कोणाची बाजू घ्यायची हे ठरवायचंसुद्धा सोडून दिलं होतं. आज मात्र तिला एकच हवं होतं. हे लवकर संपावं.

"बाबा, मी सोमवारी गाईन," ती म्हणाली. "शब्द बदला. दहा ओळी तर आहेत. तुमचं नाव राहील. बारा सिनेमांनी एकदा आलंय, ते तरी राहू दे."

"चाल बदलणार नाही. शब्दही बदलणार नाही," बाबा म्हणाले.

"अहो, पण मूल जिवंत आहे!"

"मी तिचं तोंड पाहिलं, पोरी. पाच वेळा पाहिलं. जिवंत मुलावर वाकलेली बाई अशी गात नाही."

"ती नटी आहे! तिला तसंच वाकायला सांगितलं असेल कुणी तरी!"

"असेल," बाबा म्हणाले, आणि हट्टी पोरासारखे मेजाच्या कडेकडे बघत बसले.

निग्यारला वाटलं, आत्या आता नेहमीसारखी भावाची बाजू घेईल, आपल्याला म्हणेल, बापाशी असं बोलतात का. सबंध आयुष्य आत्याने हेच केलं होतं. पण मुनिरे आत्याने डोक्यावरचा रुमाल सोडला, पुन्हा घट्ट बांधला आणि म्हणाली, "बदल रे, राइफ. पुरे झालं."

"तू यात पडू नकोस, मुनिरे."

"वीस वर्षं पडले नाही. आता पडते. बायको जिवंत होती तेव्हा तिला रडू दिलं नाहीस. आता साऱ्या इस्तंबूलला तिकीट काढून रडवतोस. काय उपयोग?"

"आईला कशासाठी रडू दिलं नाही?" निग्यारने विचारलं.

बाबांनी आत्याला ग्रीकमध्ये काहीतरी सांगितलं, झटकन, दबक्या आवाजात. आत्याने तुर्कीतच उत्तर दिलं. "नाही. त्यांना कळू दे. दोघंही म्हातारी व्हायला आली."

आईने रडावं असं या घरात एकच मरण होतं, सामीचं. त्याच्याबद्दल निग्यारला एवढंच माहीत होतं: आठ महिन्यांचा भाऊ, जहाजातून आयवालिक बंदरात उतरल्यावर तापाने गेला. ती तेव्हा चौदा वर्षांची होती, नेजात दहाचा. जहाज तिला आठवत होतं. बकऱ्या, गाठोडी, ओकाऱ्यांचा वास, आणि कोपऱ्यात शालीखाली सामीला मांडीवर घेऊन गाणारी आई. आई रात्रंदिवस गात होती. निग्यारला तेव्हा आईचा अभिमान वाटला होता, की एवढ्या गोंधळात हिचं गाणं थांबत नाही.

"सामी जहाजावरच गेला," आत्या म्हणाली. "दुसऱ्या दिवशी सकाळी. खालच्या मजल्यावर ताप पसरला होता. जहाजावर तापाचं मढं सापडलं की सगळ्यांना कुठल्याशा बेटावर चाळीस दिवस डांबतात, अशी अफवा होती. आधी एका जहाजाचं तसं झालंही होतं म्हणे. तुम्ही दोघं खोकत होतात. मग तुझा बाप तुझ्या आईजवळ, सेहेरजवळ बसला आणि म्हणाला, रडू नकोस. रडलीस तर कळेल. अंगाई म्हण. लोकांना वाटू दे, झोपलाय."

नेजातने आपली खुर्ची जवळ ओढली.

"दीड दिवस म्हणत होती," आत्या म्हणाली. "एकच अंगाई. आवाज बसला तरी. दुसऱ्या रात्री या राइफने त्याला तिच्या मांडीवरून उचललं. शाल माझी होती, मी दिली. पाण्यात सोडताना आवाज होऊ नये म्हणून दोर बांधून सोडलं. परत येऊन पाहतो तर ती गातच होती, रिकाम्या मांडीवर."

"आणि आई नंतर रडली नाही?" निग्यारने विचारलं.

बाबांनीच उत्तर दिलं. "उतरल्यावर मी म्हटलं, आता रड. ती म्हणाली, कशावर रडू? कबर दाखव, तिथे रडते." त्यांनी चष्मा काढला. चष्म्याशिवाय ते फार थकलेले दिसत. "नऊ वर्षं जगली त्यानंतर. रडली नाही. तिची ती अंगाई माझ्या डोक्यात तेव्हापासून आहे; या गाण्याची चाल तीच. त्या नटीचं तोंड पाहिलं आणि वाटलं, हिला तरी रडू द्यावं. हिला कोण अडवतंय? मला एकदासुद्धा सुचलं नाही, निग्यार, की मूल झोपलं असेल. देवाशपथ सुचलं नाही."

निग्यारला बापाचा राग आला. इतका आला की तिला खोलीतून उठून जावंसं वाटलं. तीन आठवड्यांपूर्वी मायक्रोफोनपुढे उभं करून, "अजून सावकाश, पोरी, अजून खालून," असं सांगत या माणसाने तिच्याकडून तिच्याच भावाचा विलाप गाऊन घेतला होता, आणि तिला सांगितलं नव्हतं. आणि त्याच रागात तिला हेही कळत होतं की त्या वेळी बापाने दुसरं काही केलं असतं तर कदाचित ती आणि नेजात आज इथे नसते. या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या होत्या आणि त्यांचं काय करायचं हे तिला कळेना. ती बसूनच राहिली.

पहिल्यांदा बोलला तो नेजात.

"मग बदलू नका," तो म्हणाला.

"आं?" आत्या.

"बदलू नका म्हणतो. हसू देत. कचेरीत काय म्हणायचं ते म्हणू देत." तो बापाकडे वळला. "मी त्याच्या शेजारी झोपलो होतो त्या रात्री. मला वाटलं, थंडीने गार पडलाय. मी माझा कोट त्याच्यावर घातला."

आत्या उठली आणि नेजातच्या डोक्यावरून हात फिरवत उभी राहिली. घटकाभरापूर्वी एकमेकांना फाडून खाणारी ही दोघं. आता आत्या म्हणत होती बदला, नेजात म्हणत होता नका बदलू. निग्यारला मघाशी बदलायचं होतं, आता काय हवंय ते तिचं तिलाच ठाऊक नव्हतं. घड्याळात सव्वातीन झाले होते.

बाबांनी चष्मा लावला. "चारचा खेळ आहे ना?" त्यांनी विचारलं. "मला घेऊन चल. मी गाणी केली, पण यातला एकही सिनेमा अखेरपर्यंत पाहिला नाही. लोक हसतात कसे, ते एकदा ऐकू दे."

निग्यार आणि बाबा दोघंच गेले. ट्रामने. थिएटरच्या भिंतीवर पोस्टर होतं; नटीचं तोंड माणसाएवढं, आणि खाली, चप्पल-बुटांच्या उंचीवर, बाबांचं नाव. बाबांनी त्याच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. दारवानाने निग्यारला ओळखून आत सोडलं. आत ईदचे नवे कपडे घातलेल्या बायका, मांडीवर पोरं, सूर्यफुलाच्या बियांची टरफलं, कोलोनचा आणि घामाचा वास. बाजूच्या खुर्चीवर एक जाडशी बाई होती, रुमाल आधीच हातात घेऊन बसलेली. ती शेजारणीला सांगत होती, "मी काल पण आले होते. पुढे फार वाईट आहे, बघ तू."

पाच रिळं निग्यारला दिसली नाहीत. सहावं लागलं. पाळणा आला. कैरोची नटी वाकली, तिने तोंड उघडलं आणि निग्यारचा आवाज थिएटरभर पसरला. आपलाच आवाज तिला परका वाटला. 'मातीची दुलई घे, बाळा.' पाच-सात ठिकाणी हुंदके फुटले, मग मोजता येईनात. बाजूची बाई मोकळेपणाने रडत होती, कालही रडली असूनसुद्धा. निग्यारला वाटलं, एवढ्या सगळ्या बायका, आणि एकीलाही कोणी अडवत नाही. तिने स्वतःलाही अडवलं नाही. अकरा वर्षांपूर्वी आई गेली तेव्हाही ती अशी रडली नव्हती.

गाणं संपलं. पडद्यावर अंगण आलं, ऊन आलं, आणि ते पोर चाक घेऊन पळत आलं.

मागून एक शिट्टी आली. कोणीतरी हसलं. आणि तेवढ्यात बाजूची जाडी बाई अर्धी उभी राहिली आणि गळा काढून ओरडली, "अगं बाई! जिवंत आहे गं! बघा, जिवंत आहे!" कालही तिने हेच पाहिलं होतं, तरी ओरडली. लोक हसले, पण हसता हसता टाळ्या वाजवायला लागले. कुठल्याशा आईने मांडीवरच्या पोराला उचलून उभं केलं आणि त्याला पडदा दाखवला. टरफलं उडाली. हुल्की बेने हे फक्त हसणं म्हणून ऐकलं होतं. शिट्टी मारणारे होतेच, पण ते थोडे होते.

निग्यारने बाबांकडे पाहिलं. ते पडद्यावरच्या पोराकडे बघत होते. पोर पळालं, पडलं, उठलं, पुन्हा पळालं. बाबांचे गाल ओले होते आणि ते पुसतही नव्हते.

"सोमवारी अंगाई करू," ते म्हणाले. टाळ्यांमुळे त्यांना तिच्या कानाशी यावं लागलं. "तिची. जशी तुमची आई तुमच्या वेळी म्हणायची तशी. या पोराच्या उशाशी मेलेल्याचं गाणं नको, पोरी. ते पळतंय बघ कसं."

"आणि हे? हे कापून टाकतील, बाबा. त्याचे कंगवे करतील."

"करू देत."

"आणि सामीचं काय?"

बाबांनी तिचा हात आपल्या हातात घेतला. पडद्यावर पोर आईच्या गळ्यात पडलं होतं.

"वीस वर्षं त्याच्यासाठी कोणी रडलं नव्हतं," ते म्हणाले. "तीन दिवस सगळं इस्तंबूल रडलं. पाशाच्या पोराच्या वाट्याला येत नाही एवढं. आता त्याला झोपू दे."